खोकल्याला मुलूख नसतो

रंगूनमामूंचा चेहरा आमच्या लोहाऱ्यात कुणी पाहिलेला नव्हता, पण त्यांचा खोकला सगळ्यांना पाठ होता. चावडीवर सरकारी रेडिओ होता. हैदराबादहून खेड्यापाड्यांसाठी मराठी कार्यक्रम लागायचा, त्यात एक आजोबा असे. तो बोलायचा कमी आणि खोकायचा जास्त. सून उशिरा आली की एक खोकला, पाटील थाप मारायला लागला की दुसरा. चावडीवरची माणसं हसून लोळायची. तो आजोबा म्हणजे हे मामू.

तंबूतला सिनेमा घेऊन फिरणाऱ्या एका मालकानं त्यांना गावात आणलं, तेव्हा मी तिथं शाळामास्तर होतो. तंबूत धूळ फार, म्हणून ते माझ्या खोलीवर राहायला आले. पन्नाशीचा उंच, वाळलेला माणूस. आल्या आल्या भिंतीला टेकून बसले आणि म्हणाले, "मास्तर, आज माझ्याशी काही बोलू नका. लई थकलोय." आणि मग स्वतःच रात्रीपर्यंत बोलत बसले.

जन्म रंगूनचा. तरुणपणी नट व्हायचं म्हणून बोटीनं निघाले आणि मुंबई गाठली. मूकपटात बरं चाललं होतं. पडदा बोलायला लागला आणि पंचाईत झाली, कारण यांची हिंदी वाकडी आणि मराठी मोडकी. मग एका डायरेक्टरनं नायकाच्या आजारी बापाचं काम दिलं आणि बजावलं, तू नुसता खोकत जा. तेव्हापासून मामू प्रत्येक सिनेमात मध्यंतराच्या आत मरत आले. पुढे हैदराबादच्या रेडिओनं बोलावलं, तेही कामापुरतं. गैरमुल्की, म्हणजे परमुलखातल्या माणसाला निजामाच्या राज्यात कायमची नोकरी कोण देणार? त्याचं दुःख ते करत नसत. म्हणायचे, "बोललो की लोक विचारतात, कुठले तुम्ही? खोकलो की कुणी विचारत नाही. खोकल्याला मुलूख नसतो, मास्तर."

तंबूत मशीन एकच. रीळ बदलेपर्यंत मामू कंदील घेऊन पडद्यापुढं उभे राहायचे आणि लोक फर्माईश करायचे. कुणाला सावकाराचा खोकला हवा, कुणाला जावई दारात आल्यावरचा. शेवटी मात्र सगळ्यांना मरतानाचा हवा असे. खोलीवर आल्यावरही तो खोकला थांबेना, तेव्हा मी म्हटलं, "मामू, हे सोंग नाही आता. डॉक्टरला दाखवा." त्यांनी पंच्यानं तोंड पुसलं. "ठाऊक आहे. पण माझं दुसरं काम कुठलं? आणि खोकणाऱ्याला खोकला झाला, हे सांगू कुणाला?"

आणि तसंच झालं. एका खेळात मरतानाचा खोकला सुरू झाला तो थांबलाच नाही. मामू खांबाला धरून खाली बसले. तंबू टाळ्यांनी दणाणला. मी पुढं धावलो, माणूस खरोखर आजारी आहे म्हणून ओरडून सांगितलं, तर लोक आणखीच हसले. पुढं बसलेले तेलाचे व्यापारी बसप्पा म्हणाले, "मास्तरबी सोंगात उतरले की." मला त्या सगळ्यांचा संताप आला. मग बसप्पांना पंच्यावरचं रक्त दिसलं. गळ्यातलं इष्टलिंग मुठीत धरून ते उठले. "गप बसा रे," ते म्हणाले, "आपुन मानूस मारायलोत."

बसप्पांनीच गाडी जुंपली. इलाज सोलापूरला, आणि सोलापूर निजामाच्या हद्दीपलीकडं, इंग्रजांच्या राज्यात. दुसऱ्या दिवशी दुपारी हद्दीच्या नाक्यावर शिपायानं अडवलं. "कोन हाय? कुठला?" गैरमुल्की म्हणून अडकवून ठेवलं असतं तर मामू तिथंच संपले असते. उत्तर द्यायला त्यांनी तोंड उघडलं आणि उबळ आली. शिपायाचा चेहरा खुलला. "आरं, ह्ये तर रेडिओतलं आजुबा! आजुबा, जमादारसायबासाठी आनिक एकदा."

मी त्याच्या अंगावर जाणार होतो. मामूंनी माझा हात दाबला, उठून बसले आणि सुनेला दटावणारा खोकला खोकून दाखवला. त्या प्रवासात मी ऐकलेला तेवढाच खोकला खोटा होता. शिपायानं हसत हसत दांडी वर केली. मामू पुन्हा आडवे झाले. "बस झालं आता," एवढंच म्हणाले.

सोलापूरच्या दवाखान्यात ते थोडेच दिवस काढू शकले. त्यांची माती तिथंच झाली. रंगूनला कुणाला कळवायचं, ते आम्हाला ठाऊक नव्हतं. फार वाईट वाटलं, अजूनही वाटतं.

आम्ही परतलो, त्यानंतर चावडीवर पुन्हा तो कार्यक्रम लागला. आजोबा होताच. त्याच्या जागी दुसरा कुणी बसवला होता, आणि तोही चांगला खणखणीत खोकत होता. कुणी हसलं नाही. बसप्पा उठले, पायात वहाणा सरकवल्या.

"ह्यो न्हाय," ते म्हणाले. "ह्याला काय बी झालं न्हाय."