आयरिसबाईंची चार मिनिटं

"मूळ आवाज नाही ना, मग हा एपिसोड डिस्कमधून वगळा," इशिदा-सान म्हणाले. ते माझे बॉस. चुकीचं काही बोलत नव्हते. पण तासाभरापूर्वीच मी त्या एपिसोडमधली एक क्लिप इंग्लंडला पाठवून बसले होते.

तोक्योच्या कोतो भागात एका छोट्या कंपनीत मी सबटायटल्सचं काम करते. जुन्या इंग्रजी मालिका इथे डिस्कवर पुन्हा निघतात. त्यातलं प्रत्येक वाक्य नेमकं कधी सुरू होतं आणि कधी संपतं, ते टिपायचं. याला स्पॉटिंग म्हणतात.

हा एपिसोड ज्या मालिकेतला, तिच्यात आयरिस पेंडरबी नावाच्या नटीने आईचं काम केलं होतं. आता वय शहाऐंशी. डिस्कसोबतच्या माहितीपुस्तिकेसाठी मी त्यांना शोधून काढलं होतं. जन्मभर त्यांनी नर्स, मोलकरणी, पोस्टातल्या बाया केल्या. एकदाच, या एपिसोडमध्ये, चार मिनिटांचा प्रसंग वाट्याला आला: घर सोडून निघालेल्या मुलाची बॅग भरणारी आई. पुढे इंग्लंडमध्ये त्या एपिसोडची टेप पुसून पुन्हा वापरली गेली. स्वतःचं सर्वांत मोठं काम त्यांनी पुन्हा कधी पाहिलंच नव्हतं.

इथल्या गोदामात त्याची कॉपी निघाली, आणि आनंदाच्या भरात मी क्लिप पाठवली. ती जपानीत डब केलेली आहे हे सांगायचं राहूनच गेलं. तोक्योतल्याच हिगाशी-कसाईत मी दहा वर्षं काढली. घरी मी मराठीत विचारते, लेक जपानीत उत्तर देते. कानाला खटकलंच नाही.

आयरिसबाईंना मात्र खटकलं. व्हिडिओ कॉलवर त्या म्हणाल्या, "मी आहे, पण माझा आवाज कुठे आहे?"

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

पुष्कळ विनवण्या केल्यावर इशिदा-साननी वाट काढली. मूळ इंग्रजी संवाद कागदावर मिळाले, तर त्यावरून सबटायटल्स करून तेवढा प्रसंग बोनस म्हणून देऊ. मुदत शुक्रवारपर्यंत. स्क्रिप्ट तर कुठेच नव्हती. उरली आयरिसबाईंची आठवण.

गुरुवारी आमची संध्याकाळ, त्यांची सकाळ. व्हिडिओ कॉलवर, आवाज बंद करून, मी क्लिप लावली. पहिल्यांदा त्यांना एक शब्द आठवला नाही. दुसऱ्यांदाही नाही. तिसऱ्यांदा, पडद्यावरची बाई शर्टाची घडी घालायला लागली तसे आयरिसबाईंचे हात हवेत हलले, आणि वाक्यं आली. आवाज थकलेला, पण ओठांशी तंतोतंत जुळणारा. मी टाइप करायचं विसरले. पूर्वी मी पुण्यात प्रायोगिक नाटकांत कामं करायचे, ते नवऱ्याच्या नोकरीमागे इथे येताना सुटलं. त्या क्षणी मला रंगमंचावर उभं राहावंसं इतकं वाटलं, की डोळे भरून आले.

एक वाक्य मात्र आलं नाही. तिथे कॅमेरा त्यांच्या पाठीवर होता, ओठ दिसत नव्हते. जपानीत आवाज देणारी बाई तिथे काय म्हणते, त्यांनी विचारलं.

"स्वेटर वर ठेवलाय, गाडीत थंडी असेल."

"माझं याहून चांगलं नसणार," त्या म्हणाल्या. "तिचंच ठेवा. नाव काय तिचं?"

मी फाइल पाहिली, टेपचा डबा पाहिला, गोदामात फोन केला. नाव कुठेच नव्हतं. हे सांगितल्यावर त्यांचा चेहरा पडला, स्वतःचा आवाज हरवला तेव्हा पडला होता त्याहून जास्त. पुस्तिकेत आपल्या नावाखाली तिच्यासाठी एक ओळ रिकामी ठेवावी, एवढंच त्यांनी मागितलं.

इशिदा-सान म्हणाले, रिकामी ओळ छापता येत नाही. शेवटी पुस्तिकेत छापलं: जपानी आवाज, नाव मिळालेलं नाही. खाली, कोणाला माहीत असेल तर कळवायला, आमच्या ऑफिसचा पत्ता.

डिस्क निघून वर्ष झालं. आयरिसबाई दर महिन्याला विचारतात, ती सापडली का? मी दर महिन्याला नाही म्हणते. काम कोणी केलं ते त्याच दिवशी लिहून ठेवावं, एवढंच मी यातून शिकले. नंतर विचारणारं माणूस भेटतं, सांगणारं भेटत नाही.