ओल्या सावलीचा मुलुख

बाहत्तरचा दुष्काळ त्र्याहत्तरच्या उन्हाळ्यापर्यंत पुरून उरला, तेव्हा तामलवाडीचं निम्मं गाव दुष्काळी कामावर रस्त्याची खडी फोडत बसलं होतं. त्यात गंगम्मा होती. साठीकडं झुकलेली, कपाळावर विभूतीचे पट्टे, गळ्यात लिंग, हातात हातोडा. आधी ती घरच्या रानात राबली, मग लेकाच्या संसारात, आता सरकारच्या रस्त्यावर. राबायची जागा तेवढी बदलत गेली.

लेक गुरुलिंग विहीर खोदताना दरडीखाली गेला, त्याला वर्ष उलटलं होतं. मागं उरली सून जगदेवी. मूलबाळ नाही. सासू फोडायची, सून घमेल्यानं वाहून ढीग लावायची; दोघींचा मिळून एक ढीग. बोलणं फारसं नव्हतं. जे होतं ते कहाणीतून.

कहाणीची रीत गंगम्मानं अक्कलकोटकडच्या माहेराहून आणलेली. ऐकणारीनं मुठीत दाणे धरायचे आणि कहाणी पुरी झाल्याशिवाय ते सोडायचे नाहीत. अर्ध्या कहाणीतून गेलेली बाई परत सुखात बसत नाही, असं मानायचे. इथं दाणे कुठले? दिसला दाणा की तो पोटात जायचा. म्हणून बायका खडीतला एकेक खडा उचलायच्या. दुपारी काठ्यांवर लुगडं ताणून केलेल्या आडोशाला कामावर वाटलेली सरकारी सुकडी खाऊन झाली, की गंगम्मा सुरू व्हायची. कहाणी संपली की खडे ढिगावर पडायचे आणि हातोडे उचलले जायचे.

ही एक कहाणी मात्र शिमग्यापासून संपत नव्हती.

वाळूचा एक मुलुख होता. तिथं ढग नाही, आड नाही, विहीर नाही. माणसं काटेरी झुडपांची मुळं चावून जगायची. आणि आज्यानं पाहिलं तर नातवाला दिसेलच असं नाही, इतक्या काळानं कधीतरी तिथं सावलीला ओल सुटायची. ऊन तसंच आग ओकत राहायचं. पण माणसाची सावली पडेल तिथली वाळू आधी काळी व्हायची, मग गार, मग बोट रुतवलं की पाणी. खोट एकच. आपल्या सावलीतलं पाणी आपल्याला पिता यायचं नाही. वाकलं की सावली अंगाखाली गोळा व्हायची आणि ओंजळीत वाळूच यायची. दुसऱ्यानं उन्हात उभं राहावं, तेव्हा आपण प्यावं.

"आमच्या मालकाची सावली पडली तर दारूच निघंल," शेजारच्या ढिगावरची धुरपदाबाई म्हणायची, आणि बायका खिदळायच्या. जगदेवीसुद्धा.

त्या मुलखात एक म्हातारी उभी होती आणि तिच्या सावलीत एक पोरगी पाणी पीत होती. तिथंच कहाणी अडली होती. कधी वावटळ यायची, कधी उंटांचा तांडा वाट चुकून यायचा, कधी सूर्यच हलायचा नाही. म्हातारी उभीच.

कारण शिमग्याला जगदेवीचा भाऊ शिवशरण येऊन गेला होता. तो नदीकाठच्या सहकारी साखर कारखान्यावर कामाला होता. तिथल्याच एका बिजवराचं स्थळ त्यानं आणलं होतं. पाट लावून देऊ म्हणाला. जगदेवी "बघू" म्हणाली. त्याच दुपारी गंगम्मानं ही कहाणी काढली. जगदेवीनं खडा उचलला, पदराच्या गाठीत बांधला आणि तो तिथंच राहिला. शिवशरण पुन्हा आला तेव्हा ती म्हणाली, "कहाणी चालू हाय दादा, पुरी हुंदे." तो हात हलवत परत गेला. गंगम्माला बरं वाटलं होतं. एकटीच्या हातानं ढीग लागत नाही, आणि एकटीसाठी चूलही पेटवावीशी वाटत नाही.

वैशाखात तो तिसऱ्यांदा आला.

"ती मानसं आता थांबत न्हाईत," तो गंगम्माला म्हणाला. "आज धाडा, न्हाय तर ऱ्हाऊ द्या कायमचं."

जगदेवी घमेलं कमरेला लावून उभी होती. एक हात पदराच्या गाठीवर. घमेलं खाली ठेवताना तिनं कमरेवर हात दाबला आणि तोंडानं हवा सोडली. गंगम्मा रोज तशीच सोडायची. पोरीचं वय बावीस-तेवीस.

गंगम्मानं हातोडा बाजूला ठेवला. "या गं समद्या. कहाणी पुरी करते."

"सुट्टी झाली न्हाय अजून!" मुकादम ज्ञानोबा पलीकडून ओरडला.

"करू द्या मुकादम. लई लांबलीया," धुरपदाबाई म्हणाली.

बायका जमल्या. गंगम्मा उभ्यानंच सांगू लागली. "पोरगी प्याली. पोट भरलं. म्हातारी म्हनली, ऊठ, चालाय लाग. पोरगी म्हनली, आन् तुमी? म्हातारी म्हनली, जिनं प्यालं तिनं थांबू न्हाय. थांबली तर दोघींच्या सावल्या एकात एक हुत्यात आन् ओल आटती. मग पोरगी गेली. झाली कहाणी."

"आन् म्हातारी?" धुरपदाबाईनं विचारलं.

"तिचं काय सांगायचं? कहाणी पोरीची हुती."

जगदेवी खाली बघत म्हणाली, "आत्याबाई, ह्ये तुमी आत्ता रचलं."

"व्हय. पन पुरी झाली न्हवं? खडा टाक."

घामानं गाठ घट्ट बसली होती. सोडायला वेळ लागला. जगदेवीनं खडा टाकला नाही. ढिगावर नीट बसवून ठेवला. मग सासूच्या पायावर डोकं टेकलं. गंगम्माचा हात तिच्या डोक्यावर क्षणभर राहिला आणि निघाला. "बस चुकंल," ती शिवशरणला म्हणाली.

दोघं त्याच रस्त्यानं गेली. खडी पायाला टोचत होती, म्हणून जगदेवी कडेकडेनं चालत होती.

संध्याकाळी ज्ञानोबा मोजायला आला. "आज बारका दिसतोय ढीग."

"आता असाच ऱ्हाईल," गंगम्मा म्हणाली.

दुसऱ्या दिवशी दुपारी बायका खडे घेऊन बसल्या. "नवी काढा की." गंगम्मा म्हणाली, घसा कोरडा पडलाय. ती आडोशाच्या कडेला बसली होती, निम्मी उन्हात, शेजारी एका माणसाची जागा सोडून.

"सरका की आत," धुरपदाबाई म्हणाली. "ऊन लागतंय."

"असू दे," गंगम्मा म्हणाली, आणि सरकली नाही.