तीन वाजताची किंकाळी

पूंगोडीला रस्त्यात कोणी ओळखत नसे, आणि तिला ते बरंच वाटे. चाळिशी उलटलेली, सावळी, जाड काचांचा चष्मा, गुडघे धरून एकेक पायरी चढणारी बाई. चेन्नईच्या साळिग्राममधल्या, सिनेमावाल्यांच्या वस्तीतल्या त्या गल्लीत अशा बायका घरोघरी. पण गेली अठरा वर्षं सिनेमातल्या वीस-बावीसच्या पोरी हिच्या आवाजात लाजत होत्या, रुसत होत्या आणि मरत होत्या. उत्तरेकडून आणलेल्या त्या गोऱ्यापान नायिकांना तमिळचं अक्षर येत नसे. कॅमेऱ्यासमोर त्या नुसते ओठ हलवायच्या, एखादी तर चक्क एक-दोन-तीन-चार म्हणायची. मग पूंगोडीने डबिंगच्या अंधाऱ्या खोलीत उभं राहायचं आणि त्या एक-दोन-तीन-चारमध्ये जीव ओतायचा. नवरा जाऊन आठ वर्षं झालेली, मुलगी कोइम्बतूरला नर्सिंग शिकत होती, आणि दोघींचं पोट या गळ्यावर चाललं होतं.

या धंद्यात रडणं सोपं, हसणं त्याहून सोपं. किंकाळीला मात्र तालीम लागते. नुसतं जोर लावून ओरडलं तर घसा फाटतो आणि चार दिवस कामाच्या नावाने शंख. म्हणून भीतीचा सिनेमा हातात असला की पूंगोडी रोज दुपारी तीनला घरात किंचाळायची. "सोडा मला! वाचवा! कोणी आहे का?" असं सगळं क्रमाने. पहिल्यांदा गल्ली धावली होती. एकाच्या हातात काठी, तळमजल्यावरच्या दैवानैच्या हातात इडलीच्या पिठाची पळी. पूंगोडीने लाजून लाजून सगळ्यांना कॉफी पाजली. त्यानंतर कोणी धावलं नाही. उलट दैवानै खालून मार्क द्यायची.

"पूंगोडी, आज दहापैकी सहाच गं! जेवली नाहीस का?"

ही दैवानै पिठाचा धंदा करायची. दोन ग्राइंडर दिवसभर घरघरत असायचे, आणि त्यांच्यावरही ऐकू जाईल असं तिचं तोंड. मनाने सोनं, पण जिभेला हाड नाही.

त्या वर्षी उन्हाळ्यात नळ कोरडे पडले. पाण्याची लॉरी, म्हणजे टँकर, एक दिवसाआड यायची, वेळेचा पत्ता नाही, आणि जेमतेम दहा मिनिटं थांबायची. ज्याला आधी हॉर्न ऐकू येईल त्याने आरोळी ठोकायची, की गल्लीभर प्लास्टिकच्या रंगीत घागरी धावू लागायच्या. लॉरीला लावायची रबरी नळी इमारतीत एकच. ती आधी दैवानैकडे असायची, पण त्यावरून तिची आणि शेजारच्या शिंपिणीची अशी जुंपली की एकीचं कपाळ फुटलं. मग सगळ्यांनी मिळून नळी पूंगोडीच्या घरी टांगली. का, तर ही भांडत नाही. लॉरी आली की इमारतीतल्या अकरा बायका हिच्या दाराशी नळीसाठी धावायच्या. रांगेत मात्र कोणी पुढे घुसली की हिच्या गळ्यातून असा काही आवाज निघायचा, पत्रा दगडावर घासल्यासारखा, की दैवानै कानावर हात ठेवून म्हणायची, "अय्यो! हीच का गं ती तुमची हिरॉईन?"

त्याच उन्हाळ्यात पूंगोडीचा एक सिनेमा तुफान चालला. त्यात नायक नायिकेवर इतकं प्रेम करतो, इतकं करतो, की शेवटी तिला डोंगरावरच्या बंगल्यात कोंडून ठेवतो. थेटरात पोरं शिट्ट्या मारायची. कोंडलेली नायिका एकदा फोनवर म्हणते, "इतकं प्रेम करू नका हो, मला भीती वाटते." ते वाक्य पोरांनी डोक्यावर घेतलं. रिक्षांच्या पाठीवर चढलं ते.

एक दिवस पूंगोडीला फोन आला. स्टुडिओतून कोणाकडून तरी नंबर मिळवलेला. आवाज तरुण, शब्द अदबीचे. नाव म्हणाला अरुळ, औषधांच्या दुकानात काम करतो. "मॅडम, लोक त्या हिरॉईनवर मरतात, मला माहितीये ती मुकी आहे. बोलता तुम्ही." अठरा वर्षांत असं कोणी म्हटलं नव्हतं. तिला भरून आलं. मग तो म्हणाला, "एकदा ते वाक्य म्हणाल? माझं नाव घेऊन?"

आणि तिने म्हटलं. चाहत्याने मागितलं की एखादी ओळ म्हणून दाखवायची, ही सिनेमाच्या लोकांतली रीतच. देवळात प्रसाद दिल्यासारखं द्यायचं नि विसरायचं. "अरुळ, इतकं प्रेम करू नका हो, मला भीती वाटते." पलीकडून फोन बंद झाला.

महिन्याभराने ती कोपऱ्यावर भाजीवाल्याशी शेवग्याच्या शेंगांवरून घासाघीस करत होती. "दहाला तीन? ह्या काय सोन्याच्या आहेत?" ती हसून म्हणाली, आणि पाठीमागून तिचाच आवाज आला. "अरुळ, इतकं प्रेम करू नका हो..." ती गर्रकन वळली. तिशीचा एक माणूस उभा होता, इस्त्रीचा शर्ट, कपाळावर भस्माच्या तीन रेघा, हातात फोन, त्यात तिचं त्या दिवशीचं बोलणं टेप केलेलं. त्याने आनंदाने मान हलवली. हरवलेली वस्तू सापडल्यावर माणूस हलवतो तशी. गल्ल्यागल्ल्यांतून कान देऊन तो इतके दिवस तिला शोधत होता.

त्या दिवसापासून तो एक शब्द बोलला नाही. बोलायचा तिचाच आवाज. बसथांब्यावर मागून, देवळाच्या पायरीवर बाजूने, जिन्याच्या तळाशी अंधारातून. "मला भीती वाटते." आणि तिला खरंच वाटायची. स्वतःच्या गळ्याची भीती! दुसऱ्या कोणाला सांगावं तर काय सांगावं?

दैवानैला सांगितलं तर ती पीठ कालवता कालवता म्हणाली, "म्हणजे तो पांढऱ्या शर्टवाला? अगं, मी त्याला दोनदा पाणी दिलं. बिचारा उन्हात उभा असतो. माझ्या नवऱ्याने उभ्या जन्मात माझ्यासाठी सावलीतसुद्धा वाट पाहिली नाही."

"अक्का, थट्टा नको. मला झोप येत नाही."

"बरं बाई. नुसतं बघतोच ना? चार दिवस बघेल, कंटाळेल. पुरुषाच्या जातीला कंटाळा लवकर येतो."

पोलीस चौकीत गेली. तिथल्या हवालदाराने सगळं ऐकून घेतलं, आणि मग त्याचा चेहरा उजळला. "त्या सिनेमातला आवाज तुमचा? खरं की काय? एकदा म्हणा बघू ते!" तिने नकार दिला तसा तो जरा नाराज झाला. "हे बघा अम्मा, त्याने हात लावला का? शिवी दिली का? तुमचंच बोलणं तुम्हाला ऐकवतो. मी लिहू काय?"

मग पूंगोडीने बोलणं टाकलं. घराबाहेर पाऊल ठेवलं की ओठ मिटलेले. त्याला आणखी एक शब्दसुद्धा मिळू द्यायचा नाही, असं तिने ठरवलं. भाजीवाल्याला बोटाने दाखवायची, कंडक्टरला सुटे पैसे पुढे करायची. नवा कंडक्टर बिचारा तिला मुकी समजून हातवारे करू लागला. तिने तेही चालवून घेतलं. बोलायची फक्त डबिंगच्या खोलीत, जाड दाराआड, आणि घरात. त्यातून त्या तुफान चाललेल्या सिनेमाच्या दिग्दर्शकाचा नवा सिनेमा आलेला, त्याच माळेतला. शेवटच्या प्रसंगात सहा किंकाळ्या. मुलीची फी भरायची, तालीम चुकवून चालणार नाही.

मे महिन्याची दुपार. गल्लीतली सगळी दारं नुसती लोटलेली, कारण हॉर्न ऐकू आला की कडी काढायलाही वेळ नसतो. पूंगोडीचंही दार लोटलेलं होतं, नळी तिच्याकडेच ना. तीनला पाच कमी असताना ते उघडलं. तिला वाटलं दैवानै असेल. वळली तर अरुळ आत उभा, हातात चार हात मोगऱ्याचा गजरा. त्याने मागे न बघता कडी घातली.

"घाबरू नका," तो म्हणाला. इतक्या दिवसांनी तो पहिल्यांदा स्वतःच्या आवाजात बोलत होता, आणि आवाज अगदी साधा, औषध कधी घ्यायचं ते सांगणाऱ्याचा. "तुम्ही बोलणंच बंद केलंत. खाली नुसत्या किंकाळ्या ऐकू येतात. माझ्याकडे ते एकच वाक्य. किती दिवस पुरवू? आता इथेच बोला. मी ऐकत बसतो. मला दुसरं काही नको."

"किती वेळ?" तिच्या तोंडून निघून गेलं.

"किती वेळ म्हणजे?" त्याला प्रश्नच कळला नाही. "नेहमी." त्याने खिशातून कुलूप काढलं. पितळी, नवं कोरं, किल्लीला दुकानाची चिठ्ठी अजून लटकलेली. ते त्याने आतून कडीत घालून दाबलं आणि किल्ली शर्टाच्या खिशात ठेवली.

पूंगोडी किंचाळली. अठरा वर्षांत तिच्या गळ्यातून तशी किंकाळी निघाली नव्हती. भिंतीवरची भांडी झणझणली. "वाचवा! कोणी आहे का? वाचवा मला!"

खालचा ग्राइंडर क्षणभर थांबला. पूंगोडीचा जीव कानात गोळा झाला. मग दैवानैचा आवाज आला, खणखणीत, कौतुकाचा.

"वा गं वा! आज दहापैकी दहा!"

आणि ग्राइंडर पुन्हा घरघरू लागला. रस्त्यावर पोरांनी नक्कल केली, "वाचवाऽऽ", आणि हसत पळाली. घड्याळात तीन वाजत होते.

पूंगोडी भिंतीला टेकून खाली बसली. आता ओरडून काय उपयोग? तिचं रडणं, तिचं भिणं, तिचे हुंदके, सगळं गल्लीने कधीच ऐकून ठेवलेलं. खरं म्हणून सांगायला तिच्याजवळ एकही आवाज उरला नव्हता. अरुळ समोर मांडी घालून बसला, गजरा मांडीवर. "बघा," तो प्रेमाने म्हणाला, "ते सगळे सिनेमाच समजतात. खरं काय ते मला एकट्याला कळतं. आता म्हणा. हळू म्हणा. माझं नाव घेऊन."

तिने मान वर केली. त्याच्या डोक्यावर, खुंटीला, हिरवी रबरी नळी वेटोळं घालून टांगलेली होती.

ती उठली. त्याला वाटलं आता म्हणणार. त्याने फोन पुढे धरला. पूंगोडी खिडकीच्या गजांना धरून उभी राहिली, पोटात हवा भरली, आणि नायिकेचा नव्हे, सिनेमातल्या कुठल्याच पोरीचा नव्हे, रांगेतला तो पत्र्यासारखा आवाज तिने गल्लीत फेकला.

"लॉरी आलीऽऽ! पाण्याची लॉरी आली गंऽऽ!"

ग्राइंडर थांबला. यावेळी पुन्हा चालू झाला नाही. दारं आपटली, घागरी एकमेकींवर आदळल्या, जिन्यावर पावलांचा नुसता लोंढा. "नळी! पूंगोडी, नळी दे!" अकरा बायका दारावर तुटून पडल्या. "अगं दार काय लावून बसलीस? लॉरी जाईल! मेली का ही?" दार हललं. कुलूप नवं होतं, पण कडीचे खिळे चाळीस वर्षांपूर्वीचे. दैवानैने खांदा लावला, शिंपिणीने खांदा लावला, त्या दोघी एका बाजूला अशा पहिल्यांदाच झाल्या असतील. कडी खिळ्यांसकट निखळली.

आत पूंगोडी खिडकीचे गज धरून उभी. आणि तो माणूस दोन्ही कान दाबून खोलीच्या मध्ये उभा. "हा तिचा आवाज नाही," तो बायकांना सांगत होता, तक्रार केल्यासारखा. "हा नाही. तिला सांगा ना. तिचा आवाज असा नाही."

दैवानैने एकदा त्याच्याकडे बघितलं, एकदा तुटलेल्या कडीत लटकणाऱ्या कुलपाकडे. मग हातातली रिकामी घागर तिने त्याच्या तोंडावर हाणली. पुढचं बाकीच्यांनी केलं. पोलीस आले तेव्हा त्यांना त्याला सोडवूनच घ्यावं लागलं.

रात्री दैवानै वर आली, इडल्या घेऊन. पूंगोडीने एकीलाही हात लावला नाही. दैवानै तिच्या पायाशी बसली आणि एकदम हुंदका देऊन रडू लागली. "तू आधी ओरडली होतीस. मी ऐकलं होतं. मी मार्क दिले गं! पाण्याला धावले, तुला नाही धावले." पूंगोडीने तिच्या पिठाळ केसांवर हात ठेवला. रागवावं तर कोणावर? राग तर होता, तो अजूनही आहे.

त्याचा फोन पुरावा म्हणून चौकीत जमा झाला. पूंगोडीचं ते वाक्य तिथे कुठल्या तरी कपाटात पडलंय. मध्येच एखाद्या रात्री ती दचकून उठते. रिकामटेकडं कोणी ते लावून ऐकत तर नसेल?

काम मात्र सोडून कसं चालेल? नव्या सिनेमाच्या सहा किंकाळ्या तिने दिल्या, पुढच्याही देते. तालीम अजून तीनलाच. फक्त आता पहिली किंकाळी सुटली की खालचा ग्राइंडर बंद पडतो. दोन मजले चढून दैवानै वर येते, कोपरापर्यंत पीठ माखलेले हात, धापा टाकत. दार ढकलून आत बघते, खोलीचे चारी कोपरे बघते.

"अक्का, तालीम आहे," पूंगोडी म्हणते.

"माहीत आहे," दैवानै म्हणते, आणि खाली जाते. दुसरी किंकाळी सुटली की पुन्हा चढून येते.