निघून जाणाऱ्यांचे शिणेमे

आमच्या वाडीच्या शाळेत नव्या बाई आल्या त्याला तीन वर्षं झाली. त्यांनी बायकांसाठी रविवारचे शिणेमे चालू केले. दुपारी भांडी घासून झाली की आम्ही शाळेत जायचो. बाई खिडक्यांना गोणपाट लावायच्या, भिंतीवर पांढरी चादर बांधायच्या नि लॅपटॉपला एक छोटं मशीन जोडायच्या. दहा-बारा बायका जमायच्या. सगळ्या सतरंजीवर. मला खुर्ची, कारण माझ्या खुब्यात स्क्रू घातलेत.

शिणेमे सगळे एकाच वळणाचे. माणसाला घर असतं, खायला असतं, तरी त्याला करमत नाय. मग तो निघतो. कोण डोंगरावर जातो, कोण बोटीत बसतो. शेवटाला त्याला कायतरी सापडतं नि तो हसतो. बाई सांगायच्या, जगण्याचा अर्थ शोधणाऱ्या माणसांच्या ह्या गोष्टी. शिणेमा संपला की गोणपाट काढायच्या नि एकेकीला विचारायच्या, तुम्हाला काय वाटलं?

पहिल्या शिणेम्यात एक मोठा साहेब होता. गाडी, बंगला, सगळं. त्याला झोप लागत नव्हती. तो सगळं सोडून डोंगरात गेला नि शेरडं राखायला लागला, तवा कुठे त्याला बरं वाटलं. माझी लांबची जाव माझ्या पायाशी बसली होती. आमचं घर नि तिचं घर, मधे एक दगडांचा गडगा. बाईंनी तिला विचारलं तशी ती म्हणाली, "येवढं शिकून शेरडंच राखायची होती तर आदी सांगायचं. माझ्याकडे चार हायत."

बाईसुद्धा हसल्या. मग मला विचारलं, "आजी, तुम्हाला आयुष्यात काय सापडलं?"

मी म्हटलं, "बाई, माझं काय हरवलंच नव्हतं."

बायका परत हसल्या. मी काय हसवायला बोलले नव्हते. खरं ते सांगितलं. काय हवं होतं असं विचारलं असतं तर सांगितलं असतं की पाणी दाराशी हवं होतं. ते आता आलंय.

तिसरा की चौथा शिणेमा एका बाईचा होता. माझ्या सुनेच्या वयाची. दिवसभर रांधते, कपडे धुते, कुणी तिच्याशी धड बोलत नाय. घरात एक सासरा, खुर्चीत बसलेला, त्याचे हात थरथरतात. ती त्याला चमच्याने भरवते. मग एक दिवस ती घराची किल्ली शेजारणीकडे ठेवते नि आगगाडीत बसते. लांब कुठेतरी जाऊन मडकी करायला शिकते. मडकी छान करते हो. पार शेवटापर्यंत मी वाट बघत होते, पण तो सासरा काय परत दिसला नाय.

बाईंनी विचारायच्या आधीच मी विचारलं, "त्या म्हाताऱ्याला मग कोण भरवत होतं?"

"आजी, शिणेमाचा मुद्दा तो नाही."

"मग त्याला दाखवला कशाला?"

सगळ्या हसल्या. जाव म्हणाली, "उपाशी मेला असंल गो. शिणेमा दोन तासांचा, कुठवर दाखवणार?" माझी सून तेवढी हसली नाय. ती सतरंजीची टोकं जुळवत बसली होती.

सुनेबद्दल सांगते. ती मला आत्या म्हणते. लग्न होऊन आली त्याला चौदा वर्षं झाली. दहावी झालेली. मुलगा माझा मुंबईला, एका इमारतीवर वॉचमन आहे. गणपतीला येतो नि शिमग्याला येतो. नातू तिकडेच शिकतो, बापाजवळ. सुनेने पण तिकडेच असायचं, पण मी इकडे, म्हणून ती इकडे.

दोन वर्षांमागे मी अंगणात शेवाळावर पडले. खुबा मोडला. रत्नागिरीला ऑपरेशन झालं. तीन महिने अंथरुणात होते. सगळं सुनेने केलं. म्हैस विकली, शेत जावेच्या मुलाला अर्धेलीने, अर्ध्या पिकावर दिलं. पुढे मी काठीवर चालायला लागले. बसून रांधता येतं. पण अंघोळ मला सूनच घालायची, कारण वाकता येत नाय.

तो मडक्यांचा शिणेमा बघितला त्याच्या आठवड्याभरातली गोष्ट. सकाळची वेळ. मी न्हाणीत स्टुलावर, सून पाठीवर पाणी ओतत होती.

"आत्या, एक सांगू?"

"सांग. पाणी गार होतंय."

"देवरूखला कोर्स हाय. आजारी माणसांचं करायला शिकवतात. एक वर्ष. नंतर दवाखान्यात घेतात."

"एवढा वेळ शिकायचं काय त्यात? तू करतेसच की."

"सर्टिफिकेट मिळतं."

मी म्हटलं, सकाळच्या गाडीने जा, संध्याकाळच्या गाडीने ये. ती म्हणाली, गाडी दहाला पोचते, वर्ग आठला. तिकडेच खोली घेऊन राहावं लागेल, दोन पोरी हायत जोडीला. शनिवारी दुपारी यायचं, सोमवारी पहाटे जायचं.

ती साबण लावत होती. मग आपणहून म्हणाली, "तुमच्या ऑपरेशनच्या वेळी तिथल्या नर्सबाईने मला दाखवलं होतं, कुशीवर कसं वळवायचं, पाठीला जखम कशी होऊ द्यायची नाय. मी केलेलं बघून ती म्हणाली, तुझा हात चांगला हाय. आत्या, माझं काय चांगलं हाय असं मला आजवर कोण बोललं नव्हतं."

मला कोण बघेल, हे माझ्या तोंडात आलं होतं. ते मी बाहेर पडू दिलं नाय, त्याला कारण होतं.

माझ्या लग्नाला सहा वर्षं झाली तवाची गोष्ट. नवरा मुंबईला गिरणीत. बारा जण मिळून एका खोलीत राहायचे. मग त्याला परळला एक वेगळी खोली मिळाली, दहा बाय आठची. त्याने निरोप धाडला, हिला पाठवा. मी गाठोडं बांधलं. दोन लुगडी, तवा, नि पोर. तीन झाली होती, एकच जगलं होतं. सासू अंथरुणाला होती. ती म्हणाली, "मला कोण बघेल?" एवढंच. ओरडली नाय, रडली नाय. मी गाठोडं सोडलं नि तवा परत चुलीवर ठेवला. सासू त्यापुढे चार वर्षं जगली. ती गेली तोवर खोली दुसऱ्याला गेली होती. पुढे गिरणी बंद पडली, नवरा खोकत घरी आला नि दोन पावसाळ्यांत संपला. मी चिरेखाणीवर चिरे वाहिले, काजूच्या कारखान्यात बिया फोडल्या. टरफलातलं तेल बोटांना लागून कातडी सोलायची. सगळ्यांचीच सोलायची, त्यात सांगण्यासारखं काय नाय.

सासूवर माझा राग नाय. तिला खरंच कोण बघणारं नव्हतं.

सुनेचं वाडीत कळलं. जावेने गडग्यावरूनच विचारलं, "काय गो, घरच्या सासूला टाकून परक्यांचं हगणं-मुतणं काढायला चाललीस?"

सून म्हणाली, "घरचं काढायला शिकले म्हणून तर बाहेर घेतात."

"त्या बाईने शिणेमे दाखवून नासवलीन तुम्हाला."

"तुम्ही पण बघता ते शिणेमे, काकी."

"मी शेरडांचा बघितला," जाव म्हणाली. "नि शेरडाकडेच हाय."

मग मुलाचा फोन. सुनेशी तावातावाने बोलला. नंतर म्हणाला, आयेला दे.

"आये, तू सांग तिला."

"बायको तुझी, तू सांग."

"शिणेमे बघून डोकं फिरलंय तिचं."

"तू एकोणिसाव्या वर्षी मुंबईला गेलास, तो कुठला शिणेमा बघून?"

"मी कमवायला आलो."

"ती पण तेच करतेय की."

"तुला अंघोळ कोण घालील?" तो म्हणाला. मी म्हटलं, रविवारी सांगते.

दुसऱ्या दिवशी सून रेशन आणायला गेली. मी न्हाणीचं दार लोटलं. आदल्या दिवशी जावेच्या नातसुनेकडून पाण्याच्या दोन कळश्या जवळ ठेवून घेतल्या होत्या. स्टुलावर बसायला वेळ लागला. डोकं, हात, पोट, मांड्या झाल्या. पाठ एका बाजूची झाली. बांबूच्या काठीला फडका बांधून दुसऱ्या बाजूची केली. साबण दोनदा पडला. एकदा तो काठीने ओढून घेतला, दुसऱ्यांदा राहू दिला. उजवा पाय झाला. डावा गुडघ्यापर्यंत झाला. त्याच्या खाली हात पोचेना. काठी टाचेपर्यंत जायची, पण फडका नुसता फिरायचा, मळ निघायचा नाय. मी खूप वेळ करून बघितलं. अंगावरचं पाणी सुकून गेलं. मग लुगडं गुंडाळून बाहेर आले नि उन्हात बसले. दम लागला होता.

असं मी चार वेळा केलं, सून बाहेर गेली की. तिने पाणी तापवलं की म्हणायचे, आज नको. तिसऱ्या वेळेला पाठ चांगली जमली. टाच काय जमली नाय.

रविवारी सकाळी मी सुनेला म्हटलं, "तू जा. अंघोळ मी करते."

"कशी करता?"

"करते. चार वेळा केली."

ती माझ्यासमोर खाली बसली. माझा डावा पाय उचलून तिने मांडीवर घेतला, उलटा करून बघितला. टाचेच्या भेगांत काळं भरलं होतं.

"ही कशी धुतलीत?"

"नाय धुतली."

"मग?"

"टाच आठवड्यातून एकदा धुतली तरी चालते. शनिवारी तू येतेसच."

मी म्हटलं, उठ, भाताला आधण आलंय. मुलाला मी फोनवर सांगितलं, अंघोळीचं झालं. त्याने दोन महिने तिच्याशी धड बोलणं टाकलं. मग बोलायला लागला.

ती गेली त्याला आता पाचवा महिना लागलाय. मला अंघोळीला पाऊण तास लागतो. सरपण जावेची नातसून आणून ठेवते. जाव रोज गडग्यावरून हाक मारते, "हायस का गेलीस?" मी ओ देते. घर मोठं वाटतं, ते खरं. मला तिची आठवण येते, ती बरीच येते. पण त्याने काय अडत नाय.

एका शनिवारी ती आली नाय, परीक्षा होती. भेगा वाढल्या, रक्त आलं. मी कोकमाचं तेल तापवून काठीच्या टोकाने लावलं, तेल जास्त जमिनीवर गेलं. पुढच्या शनिवारी तिने भेगा बघितल्या. रक्ताचं मी काय सांगितलं नाय.

आता ती टाच धुते ती पहिल्यासारखी धुत नाय. आधी हात धुते. पाय उजेडात धरते. बोटाने एकेक जागा दाबते नि माझ्या तोंडाकडे बघते.

"इथे कळतं का?"

"कळतं."

"इथे?"

"कळतं."

"दुखलं तर सांगायचं हां, लपवायचं नाय."

परक्या माणसाशी बोलावं तसं बोलते. तिकडे तसंच शिकवत असतील. मला ते बरं वाटतं की नाय, हे अजून ठरत नाय. ती विचारते तेवढं मी सांगते, नि ती पायाचं पुढचं बोट धरते.