ज्वारीवरचा सिनेमा

मलकापूरच्या शकुंतलाबाई शाळेतून निवृत्त झाल्या, त्यांची जीभ झाली नाही. फोनवर चोरून आणलेले सिनेमे पाहणाऱ्याला त्या तोंडावर चोर म्हणत. स्वतः जुने सिनेमे शोधायच्या ते एका ऑनलाइन संग्रहालयात. मालकाने परवानगी दिली, तरच तिथे सिनेमा जतन करून लोकांना फुकट दाखवत.

गावातले शेतकरी उकंडराव यांच्या वडिलांनी गावातच एक सिनेमा काढला होता. त्यात लहानपणी बाई नाचल्या होत्या. तो संग्रहालयाला हवा होता, पण उकंडराव सही देईनात.

"माह्या बापाचा सिनेमा जगाले फुकट काऊन दाखवू, बाई?"

यंदा गावाने उकंडरावांचा सत्कार करायचं कबूल केलं, तशी स्वारीने शेताच्या बांधावर बसून झोकात सही ठोकली.

"आता रिळं द्या," बाई म्हणाल्या.

उकंडरावांनी ज्वारीकडे बोट दाखवलं. पिकावर या टोकापासून त्या टोकापर्यंत काळ्या, चकाकत्या पट्ट्या ताणल्या होत्या.

"कवाच्याच बांधल्या. पाखरं भेतात त्याले."

पट्ट्यांखाली पोपट खुशाल कणसं खात होते.

"भेत नाहीत, उकंडराव," बाई म्हणाल्या. "तुमच्या बापाचा सिनेमा फुकट पाहून राह्यले. वर जेवणही तुमचंच."