वायरलेसवरचा संसार

माझं शेवटचं कठीण पोस्टिंग उत्तरेला, बर्फातल्या एका पोस्टवर होतं. जागेचं नाव सांगणार नाही, आणि सांगितलं तरी तुम्हाला ती नकाशात सापडायची नाही. मी सिग्नलचा हवालदार, रेडिओ ऑपरेटर. गावाकडं कुठं सत्काराला बोलावलं की शाळेतली पोरं हमखास विचारतात, "काका, किती मारले?" मी सांगतो, बाबांनो, मी कोणाला मारलं नाही. अख्खी नोकरी कानाला हेडसेट लावून ऐकत बसलो. मग त्यांचा हिरमोड होतो आणि ती वडापावच्या टेबलाकडं वळतात.

पोस्टवर आम्ही जेमतेम दहा-बारा जण होतो. सकाळी रेडिओ चेक, मग बर्फ वितळवून पाणी, मग झोपडीच्या छपरावरचा बर्फ खाली लोटायचा, दुपारी रिपोर्ट, संध्याकाळी पुन्हा रेडिओ चेक. घरी बोलायला आठवड्यातून एकदा फोन मिळायचा. झोपडी एकच असल्यामुळं कोण घरी काय बोलतो हे सगळ्यांना ऐकू जायचं. ऐकलेलं बाहेर काढायचं नाही एवढा नियम आम्ही आपसात पाळायचो.

मी फोनवर बायकोला, सुनंदाला, पहिला प्रश्न विचारायचो, "संसार कसा चाललाय?" ती म्हणायची, "चाललाय की. शिलेंडर संपलाय, एक शेळी व्यालीय, तुमी कवा येताय ते सांगा." एकदा फोन ठेवल्यावर आमचे पोस्ट कमांडर, गढवालचे सुभेदार साहेब, बुखारीजवळून, म्हणजे झोपडीतल्या शेगडीजवळून, म्हणाले, "हवालदार, संसार तो ऊपरवाला चला रहा है. तू अपने घर का हाल पूछ." त्यांच्या हिंदीत संसार म्हणजे सगळं जग. एवढ्याशा फोनवर मी जगाची चौकशी कशाला करतो, हे त्यांना आठवडेच्या आठवडे कोडं पडलं होतं.

मी समजावायला गेलो, तर आमचा तमिळ कुक मुरुगन मध्ये पडला. त्याच्याकडं संसारम् म्हणजे बायको. "साब, भाभी को ही पूछ रहा है," तो म्हणाला, "बराबर तो है." तेवढ्यात नाईक बिजू हसायला लागला. तो माझा जोडीदार ऑपरेटर, केरळचा. त्याच्या मल्याळममध्ये संसारम् म्हणजे बोलणं. नुसतं बोलणं, गप्पा. त्या दिवशी डाळ करपली, पण वाद मिटला नाही.

माझ्या घरात तर संसार ही घोड्यावर लादायची वस्तू होती. मी कडेगाव तालुक्यातल्या धनगराच्या घरचा. दिवाळी झाली की मेंढरं घेऊन आम्ही पश्चिमेला निघायचो. तवा, घागरी, घोंगडी, चार कोंबड्या आणि घरातलं सगळ्यात धाकटं पोर एका घोड्यावर. आई ओरडायची, "संसार नीट बांधा रं, उतारावर सांडंल!" हे मी सांगितल्यावर सुभेदार साहेब म्हणाले, "सबसे सही मतलब तेरी माँ का है."

त्यानंतर तो शब्द पोस्टवर रुळला. नेटवर, म्हणजे वायरलेसवर, कोणी कामाखेरीज बोलायला लागला की साहेब दम भरायचे, "नेट पे संसार बंद!" आम्ही म्हणायचो, "रॉजर, संसार बंद." ब्रिगेडच्या ऑपरेटरला वाटत असावं, या पोस्टवरचे सगळे साधू झालेत.

बिजूची आणि माझी गट्टी जमली ती आमच्या जिल्ह्यामुळं. त्याची बायको शीजा नर्स, आणि तिला नोकरी मिळाली नेमकी सांगलीला. तिनं पुलापलीकडं सांगलीवाडीत खोली घेतली, तेव्हा बिजू वर पोस्टवर होता. लग्नाला दोन वर्षं होऊनही दोघं एका छपराखाली सलग महिनाभर राहिलेली नव्हती. ती खोली त्यानं पाहिलीच नव्हती. तिनं मिक्सर घेतला, पंखा घेतला, डबे घेतले, ते तो फोनवर ऐकायचा आणि मग मला येऊन सांगायचा. "भाऊ, तुम्हारा संसार जमा हो रहा है, हमारा संसारम् चल रहा है," असं म्हणायचा आणि स्वतःच हसायचा. शीजा वॉर्डात मराठी शिकली आणि तिच्याकडून फोनवर हा. मला म्हणायचा, "लय थंडी हाय." उच्चार असा, की ऐकून बुखारीसुद्धा हसावी. त्याची सुट्टी मंजूर झाली होती. या वेळी केरळला नंतर, आधी सांगली.

सुट्टीला आठवडा राहिला असताना खालच्या रिले सेटचा अँटेना वाऱ्यानं पडला. सकाळी चौघांची पार्टी निघाली. रेडिओ बिजूकडं होता. दहाच्या सुमारास हवा फिरली. परत येताना उतारावरचा बर्फ सरकला आणि दोर तुटला. तिघं वर राहिले, बिजू खाली नाल्यात गेला. समोरचा माणूस दिसत नव्हता. तिघांनी होतं नव्हतं ते सगळं केलं आणि अखेर पोस्टवर परत आले. त्यातल्या एकाच्या हाताची बोटं पुढं कापावी लागली.

मी सेटवर होतो.

"चार्ली, चार्ली, अल्फा कॉलिंग. रिपोर्ट, ओव्हर."

खरखर. मग त्याचा आवाज आला. "अल्फा, चार्ली. पत्थर के नीचे हूँ. पैर टूटा है. सेट ठीक है, ओव्हर."

दुसऱ्या सेटवर खालचे डॉक्टर साहेब आले. त्यांनी दोनच गोष्टी सांगितल्या. बॅटरी गारठू नये म्हणून छातीशी धरायला सांगा, आणि काहीही झालं तरी झोपू देऊ नका. तिकडं झोप म्हणजे शेवट. रेस्क्यू पार्टी तयार होती, पण वारा पडल्याशिवाय तिला बाहेर काढणं म्हणजे आणखी माणसं घालवणं. सुभेदार साहेबांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला.

"हवालदार, संसार चालू रखो. पार्टी पहुँचने तक."

"सर."

बॅटरी वाचवायची म्हणून ठरवलं, बोलायचं मी. त्यानं फक्त स्विच दाबायचा. एकदा खट् म्हणजे हो, दोनदा म्हणजे नाही. हे सगळं समजल्यावर त्यानं एवढंच म्हटलं. "भाऊ, सांगली ले चलो." आणि मग त्याच्या भाषेत, "संसारिक्कू." बोल. त्याचा आवाज मी ऐकला तो शेवटचा.

बोलणं चालू ठेवणं मला नवं नव्हतं. पाटणकडच्या घाटात सकाळी धुकं पडलं की हातातली काठी दिसत नाही. बाप पुढं चालायचा आणि तोंडानं बोलत राहायचा. कुणाशी असं नाही, पावसाबद्दल, वाटेबद्दल, मेव्हण्याच्या भांडणाबद्दल. मेंढरं त्या आवाजामागं चालायची आणि मेंढरांमागं आम्ही. बोलणं थांबलं की कळप थबकायचा, आणि कड्याच्या काठावर थबकलेला कळप काय करील याचा नेम नसतो. मी तेच करायचं ठरवलं. मी पुढं, तो मागं.

"बिजू, मिरज उतर गया तू. बॅग कंधे पे डाल. सिटी बस पकड."

खट्.

मी हिंदीत सुरुवात केली होती. थोड्या वेळानं माझी हिंदी सरली आणि मी मराठीवर आलो, तीही घरच्या. त्याला किती कळत होतं देव जाणे, पण खट् येत होतं.

"सांगलीच्या स्टँडवर उतरलास. रिक्षावालं वरडत्यात, बघू नगंस त्यांच्याकडं. चालतच जायचं. आधी च्या घे. बस त्या बाकड्यावर. गरम हाय, फुकून पी."

खट्.

मला एकच भीती होती. हा घरी लवकर पोचला, तर पुढं बोलायचं काय? बाहेर वारा पडत नव्हता. म्हणून मी त्याला मुद्दाम रेंगाळवलं. न्हाव्याकडं बसवलं, दाढी केली. गणपती पेठेत नेलं, हळदीच्या पोत्यांजवळ उभा केला, शिंका काढायला लावल्या. गुळाची ढेप हातात देऊन वास घ्यायला लावला. "बायकूकडं मोकळ्या हातानं कोण जातंय व्हय रं? भडंग घे. घेतलंस?"

खट्.

"तिखट?"

खट्, खट्.

झोपडीत सगळे हसले. मुरुगननं माझ्यासमोर चहा ठेवला, तो तसाच गार झाला. तीनच्या आसपास वारा पडला आणि पार्टी निघाली. दुसऱ्या सेटवर त्यांचे रिपोर्ट येत होते. नाल्याच्या तोंडाशी पोचतोय, दोर लावतोय. मी बिजूला गणपतीच्या देवळात नेलं, बाहेर आणलं, चप्पल शोधायला लावली. खट् आता उशिरा येत होतं. एकदा तर मी तीन वेळा विचारल्यावर आलं. मी आवाज मात्र तोच ठेवला.

"पुलावर आलास. कडंकडंनं चाल, गाड्या लय जोरात येत्यात. आता मधोमध आलास बघ. थांब हितं जरा. खाली कृष्णामाई हाय. पाणी बघ कसं संथ हाय. बघितलंस?"

बराच वेळ गेला.

खट्.

"चल आता, गड्या. निघू. जवळच हाय."

काही आलं नाही.

मी बोलत राहिलो. पूल ओलांडला. वाडीत शिरलो. न पाहिलेल्या घराचा जिना चढलो. दार वाजवलं. आतनं बायको आली, असं सांगितलं. तिला काय बोलायचं ते सांगितलं. जेवायला वाढलं. मी बोलतच होतो, आणि झोपडीत कोणीही मला थांब म्हणालं नाही.

मग पार्टी कमांडरचा आवाज आला. "अल्फा, बंदा मिल गया." थोडं थांबून, "नहीं रहा, ओव्हर."

सुभेदार साहेबांनी माझ्या हातातून हँडसेट काढून घेतला आणि हळूच म्हणाले, "बस, बेटा."

पुढचे सोपस्कार फौजेत होतात तसे झाले. पार्थिव खाली गेलं, तिथून केरळला. मी पोस्टवर होतो, अंत्यविधीला जाता आलं नाही. चार महिन्यांनी सुट्टी मिळाली. कडेगावला आलो, पण सांगलीला जायचं नाव काढेना. रोज काही ना काही काम काढायचो. शेवटी सुनंदाच म्हणाली, "आवं, ती बाई वाट बघत आसंल. तुमाला जमत नसंल तर मी येती संगं."

शीजा रात्रपाळी करून आलेली, नुकतीच झोपून उठली होती. बारीक, शांत बाई. तिनं आम्हाला बसवलं, चहा केला. मराठी अगदी सांगलीची, वॉर्डात शिकलेली. "बसा भाऊ. दमलाय काय?" खोलीत सगळं होतं. मिक्सर, पंखा, डबे. काही डबे अजून वेष्टणातच होते.

मी अधिकृत गोष्टी सांगायला लागलो, तसं तिनं थांबवलं.

"ते सगळं ऑफिसरनं कळवलंय. मला दुसरं पायजे. त्यानं शेवटी काय ऐकलं?"

मी सांगितलं. मिरज स्टेशनपासून सुरू केलं आणि जसं त्याला बोललो होतो तसंच बोललो. ती जमिनीकडं बघत ऐकत होती. भडंगाला आलो तेव्हा हसली. "तिखट चालायचं न्हाई त्याला. ॲसिडिटी हुती. मल्याळी माणूस आनि तिखट न्हाई, त्याची आई चिडवायची." मग डोळे पुसले आणि म्हणाली, "फुडं?"

पुढं पूल होता. मी कपाकडं हात नेला. तिनं विचारलं, "घरी आलता का तो, भाऊ?"

हो म्हणणं सोपं होतं. मी दार वाजवलं होतं, जेवायलाही वाढलं होतं. खोटं ठरवायला कोणी नव्हतं. सुनंदानं माझ्याकडं पाहिलं. मी म्हणालो, "न्हाई ताई. पुलाच्या मधोमध आला हुता. मी मुद्दाम रेंगाळवला त्याला. पार्टीला यळ लागत हुता, म्हणून. सरळ आणला असता, तर घरात आला असता वो." आणि एवढं बोलून मी, फौजेतला हवालदार, त्या खोलीत हुंदके देऊन रडलो. चार महिन्यांत पहिल्यांदा.

शीजा उठली. मला वाटलं, आता ती जा म्हणणार. तिनं चपला घातल्या. "चला. मला जागा दावा."

आम्ही तिघं चालत पुलावर गेलो. संध्याकाळची वेळ होती, ऑफिसं सुटलेली. मोटरसायकली, रिक्षा, सायकलीवर दुधाचे कॅन. मधोमध पोचल्यावर मी थांबलो. "हितं. हितं त्याला म्हटलं, थांब आनि पाणी बघ."

तिनं कठड्यावर दोन्ही हात ठेवले आणि पाणी पाहिलं. बराच वेळ पाहिलं. मागनं कोणीतरी हॉर्न वाजवून ओरडून गेला. सुनंदा तिच्या पाठीवर हात ठेवून उभी होती. मग शीजानं मान वर केली, वाडीच्या बाजूला वळली आणि झाडांच्या मधून एका छपराकडं बोट दाखवलं.

"भाऊ, हितनं घर दिसतंय."

मी पाहिलं. खरंच दिसत होतं.