पिरोश्काच्या मानेतली धमनी

हंगेरीतल्या सेगेद शहरातल्या एका प्रयोगशाळेत पिरोश्का मृतांच्या धमन्या उभ्या चिरून काचेवर पसरायची. धमन्या आतून कडक का होतात, यावर तिथे संशोधन चालायचं. अशी कडक झालेली धमनी कात्रीखाली अंड्याच्या टरफलासारखी करकरायची. पिरोश्काला त्याचं काही वाटत नसे. घरी येऊन ती पोटभर जेवायची.

एकदा अभ्यासासाठी निरोगी माणसं कमी पडली, म्हणून डॉक्टर विल्मानं तिलाच झोपवून तिच्या मानेची सोनोग्राफी केली. पडद्यावर धमनीच्या आत एक पांढरट उंचवटा दिसला. विल्मा बोलण्याआधीच पिरोश्कानं तो ओळखला: तिचीही धमनी तिथे कडक व्हायला लागली होती.

त्या दिवसापासून ती करकर तिच्या मागेच लागली. मान वळवली, गळ्याला रुमाल बांधला, की तिला ती ऐकू यायची. नवरा येनो पावाला डुकराची चरबी फासायला लागला, की ती त्याच्या गळ्याकडे टक लावून बसायची.

"अगं, जिवंत आहे मी अजून!" तो चिडवायचा. "कात्री घेऊन आल्यासारखी काय बघतेस?"

तिला हसू फुटत नसे.

गोळ्या सुरू झाल्या. दोन वर्षांनी विल्मानं पुन्हा तपासलं.

"वाढलं नाहीये, पिरोश्काताई. पण पुरतं जाणारही नाही हं."

"म्हणजे हे आता जन्माचा सोबती?"

"असू दे की. गप्प बसलंय ना, मग झालं."

पिरोश्कानं काम सोडलं नाही. पण पूर्वी धमनीच्या बरणीवरचा नुसता क्रमांक वाचणारी ती, आता प्रत्येक वेळी बरणी आणून देणाऱ्याला विचारायची, "हे कोण होते हो?" आणि उत्तर मिळेपर्यंत कात्रीला हात लावत नसे.